दोन तारामतींच्या मधल्या बायका

१९३१ च्या सुरुवातीला मुंबईत केनेडी ब्रिजजवळच्या स्टुडिओत 'आलम आरा'चं चित्रीकरण चाललं होतं. ध्वनिमुद्रणाचं यंत्र नवंकोरं, भिंती आवाज अडवणाऱ्या नव्हेत, आणि शेजारून रेल्वेचे रूळ. दिवसभर गाड्यांची धडधड. शेवटी दिग्दर्शक आर्देशीर इराणी यांनी गाड्या थांबल्यावर, म्हणजे रात्री एकच्या पुढे काम सुरू करायचं ठरवलं. पहाटे चारच्या आत जेवढं होईल तेवढं उरकायचं. कुठेतरी आडोशाला दडवलेल्या माइकच्या रोखानं नटनट्या बोलत.

ते रूळ म्हणजे वसईकरांचा रोजचा रस्ता. विरारहून बॅकबेपर्यंत रोजची गाडी सुरू झाली ती १२ एप्रिल १८६७ ला. वसईच्या स्टेशनाला तेव्हा 'बेसिन रोड' म्हणत. वसईची केळी, पानं, फुलं आणि नोकरदार शहरात पोचवणाऱ्या या मार्गानं देशाच्या पहिल्या बोलपटालाही रात्रपाळी करायला लावली. मूकपटांचा मुंबईतला सगळा भूगोलच या मार्गाच्या कडेनं पसरलेला आहे. दादरला दादासाहेब फाळक्यांचा पहिला स्टुडिओ, तिथेच पुढे कोहिनूर आणि रणजित या चित्रपट कंपन्या. ग्रँट रोडला ते उपाहारगृह, जिथं फाळक्यांना त्यांची नायिका सापडली. गिरगावात कॉरोनेशन आणि मॅजेस्टिक ही थेटरं. वसईहून निघालेल्या माणसाला एका तिकिटात हा इतिहास खिडकीतून पाहता येतो. उतरून शोधायला गेलं तर मात्र फारसं काही हाती लागत नाही, आणि सगळ्यांत कमी हाती लागतं ते त्या काळच्या नटीबद्दल.

मूकपटातल्या नटीची कथा आपल्याकडे तीन वाक्यांत सांगितली जाते. पहिलं, सिनेमात काम करायला बाई मिळेना, म्हणून पुरुषांनी लुगडी नेसली. दुसरं, मग ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुली आल्या. तिसरं, बोलपट आला, त्यांना हिंदी बोलता येईना आणि त्या संपल्या. तिन्ही वाक्यं अर्धी खरी आहेत. उरलेला अर्धा भाग तपासला तर चित्र बरंच वेगळं दिसतं.

पहिलं वाक्य घ्या. ३ मे १९१३ ला कॉरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला, त्यात तारामतीचं काम अण्णा साळुंके यांनी केलं. फाळक्यांनी जाहिराती दिल्या, बऱ्याच ठिकाणी विचारून पाहिलं, अगदी वेश्यावस्तीतही चौकशी केली. कुणी तयार होईना. साळुंके ग्रँट रोडच्या उपाहारगृहात काम करत. तिथं दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले, असं सांगतात. बारीक चण आणि नाजूक हात एवढ्या भांडवलावर हा माणूस भारतीय पडद्यावरची पहिली नायिका झाला. चार वर्षांनी 'लंकादहन'मध्ये तर राम आणि सीता दोन्ही तेच. तोवर व्यायामानं दंड भरले होते, ते सीतेच्या पदराआडूनही दिसत. प्रेक्षकांना त्याचं काही वाटत नसे. बालगंधर्वांच्या भामिनीवर जीव टाकणाऱ्या महाराष्ट्राला बाईची भूमिका बाईनंच केली पाहिजे असं कुठे वाटत होतं?

पण 'बाई मिळेना' ही गोष्ट १९१३ च्या पूर्वार्धापुरतीच खरी आहे. त्याच वर्षी फाळके नाशिकला गेले आणि 'मोहिनी भस्मासुर' काढला. त्यात पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची मुलगी कमला, वय जेमतेम तेरा. म्हणजे पहिल्या चित्रपटानंतर काही महिन्यांतच दोन स्त्रिया कॅमेऱ्यासमोर उभ्या होत्या. एकाच घरातल्या, मायलेकी.

त्या आल्या नाटकातून. दुर्गाबाई नवऱ्यापासून वेगळ्या झालेल्या, पदरात मूल आणि पोटासाठी फिरती नाटक मंडळी. अशा बाईला समाज काय म्हणणार ते आधीच म्हणून झालेलं होतं. सिनेमात जाऊन आणखी अब्रू जाण्याची भीती तिला नव्हती. पहिल्या नटीच्या धैर्याचं कौतुक करताना हा हिशेब लक्षात ठेवलेला बरा. घराच्या उंबऱ्याआतल्या बाईसाठी ते धाडस ठरलं असतं. दुर्गाबाईंसाठी ते एक काम होतं, आणि नाटकाच्या मुक्कामांपेक्षा फार वाईट नव्हतं.

कमलाबाईंची पुढची कारकीर्द या प्रश्नाला चांगलाच उजेड देते. 'पहिली नटी' म्हणून त्यांचं नाव कायम झालं, पण मूकपटानं त्यांना पोसलं नाही. नाटकानं पोसलं. रघुनाथराव गोखल्यांशी लग्न झालं, ते लवकर गेले, पदरात मुलगे. त्या रंगभूमीवर राहिल्या, प्रसंगी पुरुषांच्याही भूमिका केल्या. सावरकरांच्या 'उःशाप'मध्ये त्यांनी काम केलं. चित्रपटात येत-जात राहिल्या, ते पार १९८० च्या 'गहराई'पर्यंत. चंद्रकांत गोखले त्यांचे चिरंजीव, विक्रम गोखले नातू. कमलाबाई नव्वदीला टेकल्या असताना रीना मोहन यांनी त्यांच्यावर माहितीपट केला, त्यात या बाईंचा मिश्कील, कुणाचीही भीडभाड न ठेवणारा स्वभाव पाहायला मिळतो. मूकपटातल्या नटीचा आवाज ऐकू येतो अशा ज्या थोड्या जागा उरल्या आहेत, त्यातली ही एक.

फाळक्यांच्या घरातल्या बायकांचा उल्लेख इथंच करायला हवा, कारण त्या पडद्याच्या दोन्ही बाजूंना होत्या. पत्नी सरस्वतीबाई रसायनं कालवत, फिल्मला भोकं पाडत आणि सगळ्या कंपनीचा स्वयंपाकही करत. लहानग्या मुलीनं, मंदाकिनीनं, १९१९ च्या 'कालिया मर्दन'मध्ये कृष्ण साकारला. बघा, पुरुष तारामती आणि मुलगी कृष्ण! हा चित्रपट सुदैवानं बऱ्यापैकी शिल्लक आहे. त्याच्या सुरुवातीला मंदाकिनीच्या चेहऱ्यावरचे वेगवेगळे भाव एकापाठोपाठ दाखवले आहेत. मुलीची परीक्षाच घेतली आहे बापानं, आणि ती पहिल्या नंबरानं पास झाली आहे.

कोल्हापूरची गोष्ट वेगळी. बाबूराव पेंटरांनी १९२० मध्ये 'सैरंध्री' काढला तो स्त्रियांना घेऊनच. गुलाबबाई आणि अनसूयाबाई या दोघींना पडद्यावर नावं मिळाली कमलादेवी आणि सुशीलादेवी. पुण्यात हा चित्रपट पाहून लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना 'सिनेमाकेसरी' म्हटलं, ही गोष्ट प्रत्येक इतिहासात असते. सिनेमात काम केलं म्हणून या दोघींना त्यांच्याच लोकांनी दूर केलं आणि त्यांना स्टुडिओच्या आवारात आसरा घ्यावा लागला, ही गोष्ट तळटीपेत जाते. कमलादेवींनी पुढे १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्येही काम केलं. त्यात शेतकरी तरुणाचं काम करणारा शांताराम वणकुद्रे पुढे व्ही. शांताराम म्हणून जगभर गेला. कमलादेवींचं काय झालं, हे विचारणारा माणूस विरळा.

या नावांपाशी जरा थांबायला हवं. लग्नात नवऱ्यानं तांदळात बायकोचं नवं नाव लिहायचं आणि माहेरचं नाव तिथंच संपायचं, ही आपली जुनी रीत. मूकपटाच्या कंपन्यांनी हीच रीत चालवली. गुलाबची कमलादेवी झाली, अंबूची ललिता, रूबी मायर्सची सुलोचना, रेने स्मिथची सीतादेवी, बेरिल क्लॅसनची माधुरी. ज्यू किंवा अँग्लो-इंडियन मुलीला हिंदू नाव देण्यामागं प्रेक्षकांचा विचार होता हे उघडच आहे. दमयंती आणि सावित्री साकारणारीचं नाव 'मिस स्मिथ' कसं चालणार! पण गुलाबचं नाव का बदललं? कारण गुलाब हे नाव तमाशाच्या फडातलं वाटत असावं. म्हणजे बदल धर्मापुरता नव्हता, प्रतिष्ठेचाही होता. नटीला मिळणारं पहिलं वेतन म्हणजे हे नवं नाव, आणि त्यात तिचा इतिहास पुसण्याची सोय होती. आज संशोधकांना याचाच सर्वाधिक त्रास होतो. एकाच नावाच्या दोघी-तिघी असत, आणि एकीची दोन-तीन नावं. मराठी वाचकाला तर 'सुलोचना' म्हटलं की सुलोचनादीदी, म्हणजे सुलोचना लाटकरच आठवतात. त्या पुढच्या पिढीच्या.

आता दुसऱ्या वाक्याकडे, आणि त्यातल्या सगळ्यांत झगझगीत नावाकडे. रूबी मायर्स १९०७ मध्ये पुण्यात जन्मली, बगदादी ज्यू घरात. मुंबईत टेलिफोन ऑपरेटर होती. कोहिनूरच्या मोहन भवनानींनी तिला सिनेमात येण्याबद्दल विचारलं तेव्हा तिनं आधी नाही म्हटलं. अभिनय कशाशी खातात हे माहीत नव्हतं. मग आली, आणि दोन वर्षांत तिच्या तोडीचं कुणी उरलं नाही. १९२६ मध्ये 'टायपिस्ट गर्ल'. १९२७ मध्ये 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे', ज्यात तिनं आठ रूपं घेतली, त्यांत पोलीस, माळी, हैदराबादी गृहस्थ, रस्त्यावरचं पोर, युरोपियन गोरी, म्हातारी केळीवाली. साळुंके बाई झाले त्याला चौदा वर्षं झाली होती, आता बाई पोलीस झाली. शेवटची केळीवाली वसईकरांनी तरी ओळखली असती.

या चित्रपटांची नावंच पाहा. टायपिस्ट, टेलिफोन, कॉलेज, बी. ए. पुराणातल्या सती बाजूला पडल्या आणि मुंबईत नोकरी करणारी मुलगी पडद्यावर आली. १९२९ मध्ये 'इंदिरा बी. ए.' आला तेव्हा पदवीधर मुलगी ही घराघरात चर्चेची, आणि बऱ्याच ठिकाणी चेष्टेची गोष्ट होती. ज्यू आणि अँग्लो-इंडियन मुली सिनेमात आल्या त्या केवळ गोऱ्या होत्या म्हणून नव्हे. त्यांच्या घरात बाईनं पगारावर बाहेर काम करणं नवं नव्हतं. त्या टपाल-टेलिफोनात, दुकानांत, ऑफिसांत होत्याच. स्टुडिओ त्यांच्यासाठी आणखी एक ऑफिस होतं, फक्त पगार जास्त.

त्या पगाराबद्दल एक दंतकथा आहे. सुलोचनाला महिना पाच हजार रुपये मिळत, म्हणजे मुंबईच्या गव्हर्नरापेक्षाही जास्त, असं जिथं तिथं छापलेलं दिसतं. पाच हजारांचा आकडा सगळे देतात, तो धरून चालू. पण वर्षाचे होतात साठ हजार. मुंबईच्या गव्हर्नराचा पगार तेव्हा वर्षाला लाखाच्या वर होता. तेव्हा गव्हर्नर काही तिच्यापुढे गरीब नव्हता. तरीही दंतकथा उगीच जन्मत नाहीत. शेवरलेट गाडी चालवत शहरातून जाणारी विशीतली मुलगी लोकांना गव्हर्नरापेक्षा मोठी वाटली असेल तर त्यात नवल नाही. सामान्य नटीचा पगार याच्या आसपासही नव्हता. स्टुडिओत सगळे महिनेवार पगारावर, कंपनी सांगेल तो सिनेमा, सांगेल ती भूमिका. आज नायगावच्या सेटवर मालिकेत काम करणारी मुलगी दिवसाच्या हिशेबानं पैसे ठरवते आणि ते हाती पडायला तीन तीन महिने वाट पाहते. त्या मानानं पहिल्या तारखेचा पगार ही चैनच.

१९२८ मध्ये 'अनारकली'वरून दोन कंपन्यांत चुरस लागली. एका कंपनीनं सीतादेवीला घेऊन मोठा डामडौल मांडला होता. इराणींच्या इंपीरियलनं सुलोचनाला घेऊन घाईघाईनं आपला चित्रपट आधी थेटरात लावला आणि बाजी मारली. त्याच वर्षीच्या 'माधुरी'तलं तिचं नृत्य इतकं गाजलं, की पुढे महात्मा गांधींनी खादी प्रदर्शनाचं उद्घाटन केल्याची चित्रफीत दाखवताना सोबत हे नृत्यही आवाजाची जोड देऊन लावलं गेलं. खादी आणि सुलोचना एकाच तिकिटात. इतिहासाला विनोदबुद्धी नसते असं कोण म्हणतं?

तिसरं वाक्य खरं म्हणजे सर्वांत जास्त तपासायला हवं, कारण त्यावर सगळ्यांचा विश्वास आहे. बोलपट आला आणि मूकपटाच्या नट्या संपल्या.

याचं जगातलं ठरलेलं उदाहरण म्हणजे विल्मा बांकी. हंगेरीतली मुलगी, जन्म १९०१ चा. १९२५ मध्ये हॉलिवूडचे निर्माते सॅम्युअल गोल्डविन बुडापेस्टला गेले आणि तिला अमेरिकेत घेऊन आले. 'द ईगल' आणि 'द सन ऑफ द शेख' या चित्रपटांत नट व्हॅलेंटिनोची नायिका म्हणून ती जगभर पोचली. मूकपटाला उच्चार नसतो. तिची इंग्रजी कशी आहे याची कुणाला पर्वा नव्हती. ध्वनी आला आणि तिच्या तोंडची हंगेरियन धाटणी लोकांच्या कानावर पडली. १९३० नंतर हॉलिवूडनं तिला विचारलं नाही. पुढे ती साठ वर्षं जगली. १९९१ मध्ये गेली.

पण तिच्याच देशातलं दुसरं उदाहरण फारसं कुणी देत नाही. कोलोजवार हे तेव्हाच्या हंगेरीतलं गाव, आज रुमानियात आहे आणि त्याला क्लुज म्हणतात. राजधानीपासून दूर, नाटकाचा मोठा वारसा असलेलं. येनो यानोविच नावाच्या नाटकवाल्यानं तिथं सिनेमाची कंपनी काढली आणि गाव सिनेमाचं केंद्र झालं. कोल्हापूरच्या माणसाला ही गोष्ट वेगळी समजवायला नको. तिथल्या चित्रपटांत लिली बेर्की नावाची नटी चमकली. ती नाटकातून आली होती, देशातच राहिली, आणि बोलपट आल्यावर संपली तर नाहीच, उलट चरित्र अभिनेत्री म्हणून वर्षानुवर्षं कामं करत राहिली. एकाच देशाच्या दोन नट्या. एकीला आवाजानं घरी बसवलं, दुसरीला त्याच आवाजानं आणखी काम दिलं. फरक गळ्यात नव्हता. एक परक्या भाषेत उभी होती, दुसरी आपल्या.

हे सूत्र धरून मुंबईकडे पाहिलं तर सुलोचना विल्माच्या रांगेत बसायला हवी. हिंदुस्तानी तिची भाषा नव्हती. लोक तिला तिथंच बसवतात. प्रत्यक्षात तिनं काही काळ काम थांबवलं, भाषा शिकली आणि परत आली. कशानं आली? आपल्याच मूकपटांचे बोलपट करून. १९३२ मध्ये 'माधुरी', १९३५ मध्ये 'अनारकली', १९३६ मध्ये 'बम्बई की बिल्ली'. 'इंदिरा बी. ए.' पाच वर्षांनी 'इंदिरा एम. ए.' होऊन आली, म्हणजे नायिकेनं मधल्या काळात आणखी एक पदवी घेतली. हे चित्रपट चालले. तिनं स्वतःची 'रूबी पिक्स' ही कंपनीही काढली. मग ती मागं कधी पडली? तिशीकडे झुकली तेव्हा. त्याच सुमारास तिची इंपीरियल कंपनी डबघाईला आली आणि १९३८ ला बंद पडली. बोलणाऱ्या, गाणाऱ्या, शिकलेल्या नव्या मुली आल्या. तिचा नायक डी. बिलीमोरियाही तिच्याबरोबरच मागं पडला. आवाजाचा धक्का तिनं पचवला. वयाचा आणि कंपनी बुडण्याचा तिला पचला नाही. आजही नटीची कारकीर्द जिथं संपते तिथंच तिचीही संपली, त्यात मूक-बोल काही नाही.

पुढचा भाग दुःखाचा आहे, पण तो थोडक्यात सांगितला तरी पुरे. १९५३ मध्ये 'अनारकली' तिसऱ्यांदा आला, बीना राय नायिका होत्या, आणि दोनदा अनारकली झालेली सुलोचना त्यात सलीमची आई झाली. १९७३ चा फाळके पुरस्कार तिला मिळाला. १९७५ च्या 'ज्युली'मध्ये ती छोट्या भूमिकेत दिसते. १९८३ मध्ये मुंबईतल्या घरात ती गेली तेव्हा फारसं कुणाला कळलं नाही.

टिकल्या त्या कोण? एक गोहर. कोहिनूरमध्ये 'बाप कमाई'पासून सुरुवात, १९२७ मध्ये चंदूलाल शहांचा 'गुणसुंदरी' तुफान चालला. 'नवरे का बिघडतात' अशा अर्थाचं इंग्रजी नावही त्याला होतं. नवऱ्याचं मन राखण्यासाठी घरातली साधी बायको आधुनिक होते अशी गोष्ट, म्हणजे आजच्या निम्म्या मालिकांची आजी. १९२९ मध्ये शहा आणि गोहर यांनी मिळून दादरला रणजित उभी केली. बोलपट आला तेव्हा गोहर नोकरीला नव्हती, मालकीण होती. तिला कोण काढणार? १९३४ मध्ये 'गुणसुंदरी' पुन्हा काढला, पुन्हा चालला.

दुसरी फातमा बेगम यांची मुलगी झुबेदा. फातमा बेगम १९२२ मध्ये 'वीर अभिमन्यू'त आल्या, चार वर्षांत स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. भारतातल्या पहिल्या स्त्री दिग्दर्शक. सुलताना, झुबेदा, शहजादी या तीनही मुली पडद्यावर आणल्या. त्यातली झुबेदा म्हणजे 'आलम आरा'ची नायिका, रात्रीच्या थांबलेल्या गाड्यांच्या शांततेत बोललेली. १४ मार्च १९३१ ला तो मॅजेस्टिकला लागला तेव्हा मूकपटांतल्या अनुभवानंच तिला पुढं नेलं होतं. पुढे तिनं महालक्ष्मी मूव्हीटोन या कंपनीतही भागीदारी केली. मूकपटाची नटी बोलपटानं संपवली म्हणावं, तर पहिल्या बोलपटाची नायिकाच मूकपटातली निघते.

आणि तिसरी आपल्या येवल्याची. अंबू सगुण, १९१६ चा जन्म. १९२८ मध्ये लहान मुलगी म्हणून पडद्यावर. पुण्याच्या अग्रवाल फिल्म कंपनीचा १९३१ चा 'दिलेर जिगर' हा तलवारबाजीचा मूकपट आज उपलब्ध आहे. त्यातली चपळ, देखणी, बुरखा घालून लढणारी नायिका म्हणजे पुढची ललिता पवार हे ओळखायला दोन मिनिटं लागतात. 'कैलास' या १९३२ च्या मूकपटाच्या निर्मितीतही तिचा वाटा होता, वय सोळा. बोलपटात ती गायलीही. १९४२ मध्ये चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली, डावा डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकापद गेलं. त्या अधू डोळ्याला धरून तिनं जी खाष्ट सासू उभी केली ती 'रामायण' मालिकेतल्या मंथरेपर्यंत चालली. मूकपटातून निघालेली लांबलचक कारकीर्द म्हणायची तर हीही. आवाजानं तिला संपवलं नाही आणि अपघातानंही नाही.

तेव्हा आवाजाला एकट्याला आरोपी करता येत नाही. ज्यांच्याकडे नाटकाची तालीम, आपली भाषा किंवा कंपनीतला वाटा यापैकी काहीतरी होतं त्या उभ्या राहिल्या. फातमा बेगमसारखी कंपनी असूनही टिकली नाही अशी उदाहरणं आहेत, पण उघड्यावर पडल्या त्या बहुतेक जणी केवळ पगारावरच्या.

१९३१ मध्ये मोहन भवनानींच्या 'फरेबी जाल'मध्ये एक नवी मुलगी आली. गिरगावातल्या सुखवस्तू लाड घराण्यातली, सेंट झेव्हियर्समध्ये शिकलेली, खोट्यांच्या घरात दिलेली, दोन मुलांची आई. चित्रपट धड मूक नाही, धड बोलका नाही, आणि पडला तो सपशेल. आप्तेष्टांनी बाईंना बोलून घेतलं. त्यानंतर प्रभात कंपनीनं तिला कोल्हापूरला बोलावलं. ६ फेब्रुवारी १९३२ ला मॅजेस्टिकमध्ये पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' लागला. कथा हरिश्चंद्राचीच. तारामती होत्या दुर्गा खोटे. साळुंक्यांपासून त्यांच्यापर्यंत एकोणीस वर्षं. त्यांच्यानंतर 'घरंदाज बायकांना सिनेमाचं दार उघडलं' असं आपण कौतुकानं म्हणतो. ते दार आधीच उघडलेलं होतं. दुर्गाबाई कामत, गुलाबबाई, रूबी मायर्स, गोहर यांनी धक्के मारून उघडलेलं. त्या घरंदाज ठरवल्या गेल्या नाहीत, एवढंच.

मग यांचं काम पाहायचं कुठे? इथं आढावा घेणाऱ्याची पंचाईत होते. १९१३ ते १९३४ या काळात भारतात सुमारे तेराशे मूकपट झाले. त्यातले तुकडे धरूनही तीसच्या आसपास उरलेत. नायट्रेटची फिल्म पेट घेई, कुजे, नाहीतर तिच्यातली चांदी काढण्यासाठी विकली जाई. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे संस्थापक पी. के. नायर सांगत, की 'आलम आरा'ची रिळं शोधत ते इराणींच्या घरी गेले तेव्हा मुलानं ती चांदीसाठी दिल्याचं कबूल केलं. २००३ मध्ये पुण्यात गोदामाला आग लागून जुन्या नायट्रेट प्रिंटांचा मोठा साठा जळाला. सुलोचनाची आठ रूपं आज पाहता येत नाहीत. कमलादेवींची सैरंध्री नाही. कमलाबाईंची मोहिनी नाही. देशातल्या सर्वांत महागड्या नटीचा अभिनय कसा होता हे सांगताना समीक्षक जाहिराती आणि छायाचित्रांवर विसंबतात. त्यातून चेहरा कळतो, चाल कळत नाही. मूकपटात तर चाल हेच सगळं.

लिली बेर्कीचा १९१४ च्या सुमाराचा 'आ तोलोन्स' हा चित्रपटही हरवलेलाच होता. दिग्दर्शक पुढे हॉलिवूडमध्ये 'कासाब्लांका' करणारे मायकेल कर्टिझ. कित्येक दशकांनी त्याची प्रत न्यूयॉर्कमधल्या एका हंगेरियन संस्थेच्या तळघरात सापडली. दुरुस्त होऊन आज ती दाखवली जाते, आणि शंभर वर्षांपूर्वीची नटी चालताना, वळताना, रडताना दिसते.

वसई-विरारच्या जुन्या वाड्यांत आणि बंगल्यांत अजून माळे आहेत, आणि माळ्यावर कुणी न उघडलेल्या पेट्या. मुंबईत सिनेमाच्या धंद्यात, छपाईत, थेटरांत नोकरी केलेले आजोबा-पणजोबा इथंही असतील. घर पाडून इमारत उभी करायच्या आधी त्या पेट्या एकदा पाहा. चपटे गोल पत्र्याचे डबे निघाले तर ते उन्हात ठेवू नका, जवळ काडी ओढू नका आणि भंगारवाल्याला देऊ नका. जुनी हस्तपत्रकं, नट्यांची छायाचित्रं, पोस्टकार्डं, कथासार छापलेल्या पुस्तिका यांनाही तेवढीच किंमत आहे. पुण्यात लॉ कॉलेज रोडला राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. तिथं कळवा.